हसू कोणावर? फ्रेंच उपहासपट आणि बाईची इच्छा : वाचकांचे प्रश्न

फ्रेंच उपहासपटांत बाईच्या कामेच्छेकडे पाहण्याची नजर कशी बदलत गेली, या विषयावर आलेल्या प्रश्नांपैकी सारखे प्रश्न एकत्र करून खाली उत्तरं दिली आहेत. एकाच चित्रपटाला देशोदेशी निरनिराळी नावं मिळाली आहेत, त्यामुळे प्रत शोधताना दिग्दर्शकाचं नाव आणि वर्ष सोबत टाका.

प्रश्न : चावट विनोदी चित्रपटात शरीर दिसतं, उपहासपटातही दिसतं. लोक दोन्हीकडे हसतात. मग फरक कसा ओळखायचा?

शरीर किती दिसतं यावरून काहीच कळत नाही. प्रसंग संपल्यावर फजिती कोणाची झाली ते पाहा. बाईला इच्छा झाली म्हणून तिचीच फजिती होत असेल, तर विनोद जुनाच आहे, अंगावरचे कपडे कितीही कमी असोत. तिच्या इच्छेवर पहारा ठेवणारा नवरा, पाद्री, डॉक्टर, शेजारी यांची फजिती होत असेल, तर उपहास सुरू झाला. त्यापुढे आणखी दोन गोष्टी तपासा : पैसा कोणाच्या हातात आहे, आणि प्रसंगानंतर कॅमेरा कोणाच्या चेहऱ्यावर थांबतो.

हे तपासायला आलिस गी या दिग्दर्शिकेचे दोन मूकपट पुरेसे आहेत. दोन्ही गोमों कंपनीचे आणि दोन्ही १९०६च्या सुमाराचे. ‘मादाम आ देझांवी’ जेमतेम चार मिनिटांचा आहे. गरोदर बाईला डोहाळे लागलेत. नवरा बाबागाडी ढकलत मागून येतोय आणि ती वाटेत भेटेल त्याची वस्तू पळवते : लहान मुलीच्या हातातली कांडीवरची मिठाई, कॅफेत बसलेल्या गृहस्थाचा आब्सांत या कडक दारूचा पेला, भिकाऱ्याचा मासा, फेरीवाल्याचा पाइप. दर वेळी कॅमेरा जवळ येतो आणि ती वस्तू चोखताना, पिताना, ओढताना तिचा चेहरा दिसतो. क्लोज-अप अजून सर्रास वापरात नव्हता त्या काळातली ही गोष्ट. बाईचं सुख इतक्या जवळून आणि इतक्या निवांतपणे दाखवलंय की अश्लील म्हणायला जागा उरत नाही. लाजतो तो नवरा.

दुसरा ‘ले रेझ्युल्ता द्यु फेमिनिझ्म’, साधारण सात मिनिटांचा. यात पुरुष इस्त्री करतात, शिवतात, मुलं सांभाळतात. बाया कॅफेत पितात आणि बाकावर बसलेल्या पुरुषाच्या अंगचटीला जातात. शेवटी पुरुष बंड करून कॅफे परत घेतात. हा शेवट पाहून काही जण चित्रपट स्त्रीमुक्तीच्या विरोधातला ठरवतात. आमच्या मते शेवटापेक्षा मधला भाग बोलका आहे. बाईला रोज सोसावी लागणारी लगट पुरुषाच्या अंगावर ठेवली की ती लगेच डोळ्यांत खुपते, आणि १९०६च्या प्रेक्षकाला ती तशीच खुपावी म्हणून ती तिथे आहे.

एक तांत्रिक सूचना. त्या काळचे मूकपट सेकंदाला साधारण १६ चौकटी या वेगाने चित्रित होत. तीच फिल्म २४च्या वेगाने चालवली तर सात मिनिटांचा चित्रपट चार मिनिटं चाळीस सेकंदांत संपतो, माणसं तुरुतुरु पळतात आणि उपहासाची नुसती धावपळ होते. चालताना पावलं झटके देत असतील तर दुसरी प्रत शोधा.

प्रश्न : ‘बेल द झूर’च्या शेवटी नवरा खरंच उठून उभा राहतो का? त्यातलं स्वप्न कोणतं आणि खरं कोणतं?

लुइस बुन्युएलने १९६७ साली हा चित्रपट केला तेव्हा स्वप्न सुरू होताना पडदा धूसर करायचा, संगीत बदलायचं, ही रूढ पद्धत त्याने मुद्दाम टाळली. चित्रपटाला पार्श्वसंगीतच नाही. आहेत ते आवाज : घोडागाडीचे घुंगरू, मांजरांचं ओरडणं. घुंगरू वाजले की नायिका सेव्हरीनचं दिवास्वप्न सुरू झालं, अशी सवय तो आपल्याला पहिल्या प्रसंगापासून लावतो आणि शेवटी तीच सवय मोडतो. चाकाच्या खुर्चीत जखडलेला, काळा चष्मा लावलेला तिचा नवरा पिएर उठतो, पेय ओततो, सुट्टीला कुठे जायचं ते बोलतो. घुंगरू ऐकू येतात, पण गाडी रिकामी आहे. कोणता शेवट खरा याचा निवाडा चित्रपटात नाही, म्हणून तो शोधत बसू नका. गाडीत आता सेव्हरीन नाही, एवढं पाहा.

या चित्रपटातला उपहास हळू आवाजात आहे. मादाम आनाईसच्या घरी, म्हणजे कुंटणखान्यात, सेव्हरीन दुपारी दोन ते पाच कामाला येते. तिथे येणाऱ्या गिऱ्हाइकांकडे नीट पाहा. एका नामांकित डॉक्टरला नोकराच्या वेशात अपमान करून घ्यायचाय आणि संवाद ठरल्याप्रमाणे झाला नाही की तो चिडतो. त्याच्या इच्छेचं अख्खं नाटक बसवलेलं आहे, आणि बाहेर पडल्यावर त्याची प्रतिष्ठा जागच्या जागी. युसाँ हा नवऱ्याचा मित्र स्वतः त्या घराचा जुना गिऱ्हाईक, पण सेव्हरीन तिथे दिसली की तोच न्यायाधीश होतो. पुरुषाची इच्छा म्हणजे खाजगी बाब आणि बाईची इच्छा म्हणजे गुन्हा, हा दुटप्पीपणा बुन्युएल एकाही भाषणाविना मांडतो.

आता तो प्रसिद्ध डबा. एक आशियाई गिऱ्हाईक छोटा डबा उघडून दाखवतो, आतून गुणगुणल्यासारखा आवाज येतो, दुसरी मुलगी नकार देते, सेव्हरीन होकार देते. डब्यात काय आहे हे चित्रपट कधीच सांगत नाही. त्यानंतरच्या दृश्यात ती पालथी पडली आहे. मोलकरीण येऊन कीव करते, सेव्हरीन मान वर करते आणि तिच्या चेहऱ्यावर तृप्ती असते. कीव करणारी मोलकरीण म्हणजे आपणच, प्रेक्षक. तिच्या वतीने दुःखी व्हायची आपली तयारी झालेली असते आणि तिला त्याची गरज नसते.

असं का, याचं कारण द्यायलाही चित्रपट तयार नाही. लहानपणीची दोन क्षणिक दृश्यं येतात : एक कामगार तिला जवळ ओढतो, आणि चर्चमध्ये ती प्रसाद घ्यायला तोंड मिटून नकार देते. ती धरून मानसशास्त्रीय निदान करायला गेलं की गणित जुळत नाही. एक मर्यादाही ध्यानात ठेवा. १९२८ची मूळ कादंबरी जोसेफ केसेलची, पटकथा बुन्युएल आणि झां-क्लोद कारिएरची. बाईच्या मनात खोल शिरणाऱ्या या चित्रपटातली सगळी दिवास्वप्नं पुरुषांनी लिहिलेली आहेत. सेव्हरीन झालेल्या कातरीन दनवचा थंड, आवरलेला अभिनय त्यांना स्वतःचं वजन देतो.

प्रश्न : त्या काळी फ्रान्समध्ये कायदा काय होता? तो माहीत नसताना हे चित्रपट पाहिले तर काय निसटतं?

बरंच काही निसटतं. १८१०च्या दंडसंहितेप्रमाणे बायकोचा व्यभिचार सिद्ध झाला तर तिला तीन महिने ते दोन वर्षं कैद होती. नवऱ्याला फक्त दंड, तोही त्याने दुसरी बाई राहत्या घरात ठेवली असेल तर. हा भेद ११ जुलै १९७५च्या कायद्याने गेला, त्याच कायद्याने परस्परसंमतीचा घटस्फोट आला. म्हणजे ‘बेल द झूर’ लागला तेव्हा सेव्हरीन कायद्याने गुन्हेगार होती आणि युसाँ नव्हता. परवानाधारक कुंटणखाने १३ एप्रिल १९४६ला बंद झालेले, त्यामुळे मादाम आनाईसचं घर चोरून चालणारं.

बायकोला नवऱ्याच्या परवानगीविना नोकरी करता येणं आणि बँकेत खातं उघडता येणं १३ जुलै १९६५च्या कायद्याने शक्य झालं. लुई मालचा ‘लेझ आमां’ त्याच्या सात वर्षं आधीचा, १९५८चा. त्यात झान मोरो नवरा, मुलगी आणि दिझोंचं घर सोडून एका रात्रीच्या ओळखीच्या तरुणासोबत त्याच्या छोट्या सित्रोएनमध्ये बसून निघून जाते. आज हा शेवट गोड वाटतो. तेव्हा नवऱ्याच्या पैशाविना बाहेर पडलेली बाई पुढे काय करणार, हा प्रश्न प्रेक्षकाच्या मनात लगेच उभा राहत असणार, आणि मोरोच्या चेहऱ्यावर पहाटे जी शंका दिसते ती त्याचीच आहे. गर्भनिरोधकांना मुभा २८ डिसेंबर १९६७ला मिळाली, गर्भपाताला १७ जानेवारी १९७५ला. प्रत्येक चित्रपटासमोर ही वर्षं लिहून ठेवा. कोणता विनोद धाडसाचा होता आणि कोणता वाऱ्याच्या दिशेने गेलेला होता, ते त्यावरून कळतं.

सेन्सॉरचं गणित वेगळं. परवाना मंत्री देतो, आयोग फक्त सल्ला देतो. म्हणून १९६६ साली झाक रिव्हेतच्या ‘ला रलिझ्यूझ’ला आयोगाची संमती असूनही त्यावर बंदी आली. पुढल्या वर्षी तो प्रौढांसाठी मोकळा झाला आणि १९७५ साली सर्वोच्च प्रशासकीय न्यायालयाने बंदीच बेकायदा ठरवली. त्यात भर म्हणजे परवाना मिळाला तरी महापौर आपल्या गावात चित्रपट थांबवू शकत होता. नीसच्या महापौराच्या अशाच एका प्रकरणात १८ डिसेंबर १९५९ला न्यायालयाने महापौरांचा हा अधिकार मान्य केला, अट एवढीच की स्थानिक परिस्थितीमुळे सार्वजनिक शांततेला धोका हवा. उलट दिशेची गंमत १९७५ची. राजकीय सेन्सॉर सैल झाला, पण ३० डिसेंबरच्या अर्थसंकल्पी कायद्याने अश्लील चित्रपटांसाठी ‘एक्स’ हा नवा वर्ग आणला : वेगळी चित्रगृहं, जादा कर, सरकारी मदत बंद. बंदीचं काम करावर सोपवलं गेलं.

प्रश्न : नेली काप्लानचं नाव वारंवार वाचतो. तिचा ‘ला फियान्से द्यु पिरात’ एवढा महत्त्वाचा का?

या विषयावर एकच चित्रपट पाहायचा असेल तर हा पाहा. काप्लानचा जन्म १९३१चा, ब्वेनोस आयरेसचा. पॅरिसला येऊन तिने आबेल गांससारख्या मोठ्या दिग्दर्शकाच्या हाताखाली काम केलं, चित्रकारांवर लघुपट केले आणि १९६९ साली हा पहिला कथापट केला. नायिका मारी आईसोबत तेलिए नावाच्या गावाबाहेर झोपडीत राहते. दोघींकडे कागदपत्रं नाहीत, म्हणून गाव त्यांना फुकटात राबवतं आणि मारीच्या शरीरावरही हक्क असल्यासारखं वागतं. आई गाडीखाली जाते आणि गावातले प्रतिष्ठित अंत्यविधीचा खर्च कोणी करायचा यावर घासाघीस करतात. तिचा काळा बोकडही मारला जातो. तिथून मारी दर लावते.

दर लावणं हाच या चित्रपटाचा कणा आहे. आजवर जे फुकट ओरबाडलं जात होतं त्याला किंमत आली की गावाची नीती कोलमडते. गिऱ्हाइकांत पैसेवाले आहेत, कारभारी आहेत, शेताची मालकीण इरेनही आहे. मारी दर वाढवत जाते आणि हे लोक कुरकुरत देत राहतात. पैशातून ती काय घेते ते बारकाईने पाहा : तबकड्या, भडक शोभेच्या वस्तू, निरुपयोगी यंत्रं. सगळं झोपडीत टांगलेलं. वस्तू जमवून सुखी होण्याची ती टिंगल आहे, म्हणूनच शेवटी ती यातलं काहीही बरोबर नेत नाही. खरेदीतली एकच वस्तू कामाची : टेपरेकॉर्डर. गिऱ्हाइकं एकमेकांबद्दल जे बरळतात ते ती टिपून ठेवते आणि रविवारी चर्चमध्ये प्रार्थना चालू असताना तो टेप वाजतो. गावकरी आपलेच आवाज ऐकतात. संतापून झोपडीवर चालून जातात, तोवर ती रस्त्याला लागलेली असते.

इथे दोन जुन्या चाली मोडल्या आहेत. देहविक्रय करणाऱ्या नायिकेला शेवटी मरण, पश्चात्ताप किंवा लग्न, यांपैकी एक देण्याची चाल होती. मारीला यातलं काहीच मिळत नाही आणि तिला काही नकोही असतं. मारी ही इन्क्विझिशनच्या, म्हणजे चर्चच्या जुन्या धर्मन्यायालयाच्या, हाती न जळता तिलाच जाळणारी आजची चेटकीण आहे, अशा अर्थाचं काप्लानने स्वतः म्हटलं होतं. दुसरी गोष्ट कॅमेऱ्याची. पुरुषांसोबतचे प्रसंग काप्लान जवळजवळ दाखवतच नाही. आधीचा सौदा दिसतो, नंतरचा चेहरा दिसतो. प्रेक्षकाला फुकट काही मिळू नये, याची तिने काळजी घेतली आहे. मारी झालेल्या बेर्नादेत लाफोंचं चालणं मात्र भरपूर दाखवते : अनवाणी, संथ, स्वतःच्याच नादात.

पाहताना एक अडचण येते. बार्बारा या गायिकेच्या आवाजातलं गाणं चित्रपटात फिरून फिरून येतं आणि मारीची बेफिकिरी त्याच गाण्यात आहे. अनेक प्रतींत गाण्यांना सबटायटल्स नसतात. गाण्याचे शब्द आधी मिळवून वाचून ठेवा. नाहीतर अर्धा चित्रपट तुमच्यासाठी मुका राहील.

प्रश्न : आन्येस व्हार्दाचा ‘ल बोनर’ पाहून राग आला. बायको मरते, नवरा दुसरीसोबत सुखात राहतो आणि दिग्दर्शिका सूर्यफुलं दाखवते. याला उपहास म्हणायचं?

राग आला म्हणजे चित्रपट पोचला. १९६५चा हा चित्रपट फ्रान्समध्ये १८ वर्षांखालील प्रेक्षकांना बंद होता, आणि बर्लिनला त्याला रौप्य अस्वल मिळालं. फ्रांस्वा सुतार, तेरेझ शिवणकाम करणारी, एमिली टपालखात्यातली. फ्रांस्वा झालेला नट झां-क्लोद द्रुओ, त्याची खरी बायको आणि खरी मुलं पडद्यावरचं कुटुंब झाली. फ्रांस्वा तेरेझला निरागसपणे सांगतो की माझ्याकडे दोघींना पुरेल एवढं प्रेम आहे. ती हसते आणि थोड्या वेळाने तळ्यात बुडालेली सापडते.

आता हातांकडे पाहा. सुरुवातीला तेरेझचे हात : कणीक, इस्त्री, मुलांचे कपडे. चित्रपटाच्या शेवटाकडे तीच कामं, तशाच चौकटी, फक्त हात एमिलीचे. व्हार्दा एक शब्द बोलत नाही. ज्याला फ्रांस्वा प्रेम म्हणतो ती एक रिकामी जागा आहे आणि त्या जागेवर कोणीही बसू शकते, हे त्या हातांनी सांगून झालं. तेरेझचं शरीर तो उचलतो तो क्षण लागोपाठ अनेकदा दाखवला जातो, आणि मध्येच ती फांदी धरू पाहते असं एक निमिषभराचं दृश्य येतं. आत्महत्या की अपघात, हे फ्रांस्वाला जाणून घ्यायचंच नाही. सुख टिकवायचं तर ते न विचारलेलं बरं.

प्रसंग संपताना पडदा काळा न होता निळा, लाल असा रंगतो. प्रत विटलेली असेल किंवा टीव्हीचा रंग ‘व्हिव्हिड’वर असेल तर हा बारकावा मरतो. टीव्ही सिनेमा मोडवर ठेवा.

प्रश्न : ‘सेत ऑब्स्क्यूर ऑब्झे द्यु देझीर’मध्ये नायिका मध्येच बदलते. माझी प्रत खराब आहे का?

प्रत बरोबर आहे. १९७७च्या या चित्रपटात बुन्युएलने कोंचिताची भूमिका कारोल बुके आणि आंखेला मोलिना या दोघींना दिली आणि दोघींना एकच आवाज लावला. श्रीमंत, वयस्क मातिओ तिच्या मागे वेडा आहे, पण समोर बाई बदलली तरी त्याच्या ते लक्षात येत नाही. चित्रपटातला सगळा उपहास याच एका युक्तीवर उभा आहे. मूळ फ्रेंच ध्वनिपट असलेलीच प्रत घ्या.

प्रश्न : दिग्दर्शक बेर्त्रां ब्लिएचा ‘ले वाल्सूझ’ क्रांतिकारक की स्त्रीद्वेष्टा?

१९७४चा हा चित्रपट फ्रान्समध्ये ५० लाखांहून जास्त लोकांनी पाहिला, त्यामुळे प्रश्न टाळता येत नाही. अख्ख्या चित्रपटाला एकच शिक्का मारू नका, प्रसंग वेगळे करा. मारी-आंझला (नटी मिऊ-मिऊ) दोन भटक्या मित्रांकडून (नट दपार्दिय आणि दवेर) सुख मिळत नाही आणि हा आपल्या पौरुषाचा अपमान आहे असं दोघं मानतात. मग एका लाजऱ्या, अननुभवी पोराकडून तिला ते मिळतं. ती आनंदाने ओरडत सांगायला येते आणि हे दोघे तिला पाण्यात ढकलतात. इथे हसू त्यांच्यावर आहे, आणि चांगलं जिव्हारी लागणारं आहे.

रेल्वेतल्या प्रसंगात मात्र तसं नाही. मुलाला अंगावर पाजणाऱ्या एकट्या बाईला दोघे पैसे देऊन वश करतात आणि तिलाही ते आवडलं असं चित्रपट सुचवतो. तिची भीती खरी आहे, पण कॅमेरा ती वापरून पुढे जातो. प्रेक्षकाने दांडगाई करणाऱ्यांच्या बाजूने हसावं अशी तिथे मांडणी आहे. ‘त्या काळी चालायचं’ हे कारण पुरणार नाही, कारण काप्लानचा चित्रपट पाच वर्षं आधीचा आहे. १९७६च्या ‘काल्मोस’मध्ये ब्लिएने बायकांना कंटाळून रानात पळणारे पुरुष आणि त्यांची शिकार करणाऱ्या बाया दाखवल्या. तिथे बाईची इच्छा म्हणजे नुसतं संकट आहे. नजर सरळ रेषेत बदलत गेली, हा समज या दोन वर्षांनीच खोटा ठरतो.

प्रश्न : एरिक रोमेरचा ‘ला कोलेक्सियोनोझ’ उपहासपटांत धरता येईल का? त्यात हसण्यासारखं काही घडत नाही.

धरता येईल. १९६७चा हा चित्रपट सां-त्रोपेजवळच्या एका बंगल्यात घडतो. दोन पुरुष आएदेला पुरुष गोळा करणारी ठरवून तिच्यावर तत्त्वज्ञान झाडतात. कथन आद्रियांचं आहे, पण तो जे सांगतो आणि पडद्यावर जे दिसतं त्यांत फट आहे. ती फट ध्यानात ठेवून पुन्हा पाहा. आएदेला कसलाच सिद्धांत नाही, आद्रियांला तिच्याशिवाय दुसरा विषय नाही.

प्रश्न : पुढच्या काळातले, बायकांच्या बाजूने हसवणारे आणि तरीही गर्दी खेचणारे चित्रपट कोणते?

जोझियान बालास्कोचा ‘गाझों मोदी’ (१९९५), जवळपास ४० लाख तिकिटं विकली गेली. बाहेरख्याली नवऱ्याची बायको लोली, आणि दारात बंद पडलेल्या गाडीतून उतरलेली मारीझो. दोघी प्रेमात पडतात आणि लोली आठवड्याचे दिवस दोघांत वाटून देते. इतकी वर्षं नवरा जे चोरून करत होता ते ती वेळापत्रक लावून उघड करते. समलिंगी जोडप्यांना ‘पाक्स’ या कराराने मान्यता मिळायला तेव्हा चार वर्षं अवकाश होता, हे ध्यानात ठेवून पाहा. मारीझोच्या दिसण्यावरचे काही विनोद आज शिळे वाटतात. वेळापत्रकाचा विनोद शिळा झालेला नाही.

फ्रांस्वा ओझोंचा ‘पोतिश’ (२०१०) १९७७ सालात घडतो. छत्रीच्या कारखान्याच्या मालकाची बायको सुझान संपाच्या काळात कारभार हाती घेते. जुना प्रियकर बाबें हा कम्युनिस्ट पुढारी. सुझानचा मुलगा आपलाच असेल या आशेवर तो खूश असतो. मग तिच्या आयुष्यात आणखीही पुरुष होते हे कळल्यावर हाच पुरोगामी गृहस्थ तिला गाडीतून रस्त्यात उतरवतो. सुझान मजेत दुसऱ्या गाडीला हात दाखवते. मालकावर तर सगळेच हसतात. ओझों डाव्या विचाराच्या पुरुषालाही सोडत नाही, ही त्याची हुशारी. सुझानच्या भूमिकेत दनवच आहे, त्यामुळे ‘बेल द झूर’नंतर लगेच पाहिला तर दुप्पट मजा येते.

दनवबद्दल बऱ्याच जणांनी विचारलं आहे. १९७१ साली ‘मी गर्भपात केला आहे’ असं जाहीर करणाऱ्या ३४३ बायकांत तिची सही होती. जानेवारी २०१८मध्ये ‘ल माँद’ दैनिकात पुरुषांच्या लगट करण्याच्या स्वातंत्र्याची बाजू घेणारं पत्र छापून आलं, त्यावरही तिची सही होती, आणि काही दिवसांतच तिने अत्याचार सोसलेल्या बायकांची माफी मागितली. दोन्ही सह्या एकाच बाईच्या. शरीर माझं आहे हे तिच्या पिढीने लढून मिळवलं. नकाराचा मान राखला जावा, ही मागणी त्यानंतरच्या पिढीने जोरात लावून धरली. आजचे फ्रेंच विनोदपट पाहताना हा फरक उपयोगी पडतो.

प्रश्न : आमच्या फिल्म सोसायटीत चार बैठकांत हा विषय बसवायचा आहे. काय, कोणत्या क्रमाने दाखवावं?

पहिल्या बैठकीत आलिस गीचे दोन लघुपट आणि ‘बेल द झूर’ (१०० मिनिटं). दुसरीत ‘ल बोनर’ (८० मिनिटं) आणि त्याला जोडून ‘मासो ए मिसो व्हों आं बातो’, साधारण ५५ मिनिटं. ही १९७६ची व्हिडिओ फिल्म. ३० डिसेंबर १९७५ला महिला वर्ष संपल्याच्या निमित्ताने बेर्नार पिव्होने दूरचित्रवाणीवर कार्यक्रम केला आणि महिला खात्याच्या राज्यमंत्री फ्रांस्वाझ झिरू त्यात होत्या. देल्फिन सेरिग, कारोल रुसोपुलो आणि त्यांच्या दोन सहकाऱ्यांनी तेच चित्रण घेतलं, मध्येच थांबवलं, वाक्यं पुन्हा पुन्हा वाजवली, हाताने लिहिलेल्या पाट्या घातल्या. तिसऱ्या बैठकीत काप्लान एकटी, १०७ मिनिटं, मागेपुढे काही नको. चौथीत ‘पोतिश’. ब्लिए पूर्ण दाखवण्यापेक्षा तिसऱ्या बैठकीनंतरच्या चर्चेत त्याचे वरचे दोन प्रसंग तोंडी मांडा.

काय बिघडतं ते आधीच सांगतो. युरोपातल्या जुन्या डीव्हीडी सेकंदाला २५ चौकटींनी चालतात, त्यामुळे १०७ मिनिटांचा चित्रपट १०३ मिनिटांत संपतो आणि आवाज किंचित चढा लागतो. ती काटछाट नव्हे. मात्र १०० मिनिटांच्या आत संपला तर दृश्यं गेली आहेत असं समजा. ‘बेल द झूर’ची चौकट (रुंदी : उंची) १.६६ : १ आहे. पडद्यावर दोन्ही बाजूंना बारीक काळ्या पट्ट्या दिसायला हव्यात. त्या घालवायला कोणी चित्र ताणलं तर चेहरे रुंद होतात, आणि झूम केलं तर वरखालचं कापलं जातं. टीव्हीवर दाखवणार असाल तर हालचाल गुळगुळीत करणारी सोय बंद करा. विकत घेतलेली डीव्हीडी घरी पाहण्यापुरती असते. सभासदांसाठी दाखवायला हक्कधारकाची लेखी परवानगी लागते, ती तारीख जाहीर करण्याआधी मिळवा. ‘बेल द झूर’चा आवाज सभागृहात आदल्या दिवशी लावून पाहा. घुंगरू शेवटच्या रांगेपर्यंत ऐकू आले पाहिजेत. चर्चा चित्रपट संपल्या संपल्या सुरू करू नका, दहा मिनिटं जाऊ द्या, आणि पहिला प्रश्न एवढाच ठेवा : तुम्ही कुठे हसलात, आणि त्या क्षणी पडद्यावर कोण होतं?